फुरशांच्या ओढ्यात मासे नाहीत

तोचिमोरी, डोंगरावरून
चेरीचा बहर गळून गेल्यानंतरचा आठवडा

आदरणीय तात्सुझो दाजी यांस,

धाकटा मेव्हणा उमेकिची याचा कमरेत वाकून नमस्कार. (कमरेत उसण भरली आहे, त्यामुळे नेहमीपेक्षा थोडा कमीच वाकलो आहे. उरलेला नमस्कार भेटीत पुरा करीन.) तुमचा गुडघा कसा आहे? बंदरावरचं खारं वारं गुडघ्याला चांगलं नाही असं आमचा हाडवैद्य म्हणतो; पण तो डोंगरावरचं वारंही चांगलं नाही म्हणतो, तेव्हा त्याच्या बोलण्याला फार किंमत देऊ नये. अक्काचा आवाज कसा आहे? गेल्या खेपेला टेलिफोनवर ऐकला तेव्हा ठणठणीत होता. क्युबेई आजोबांच्या दुकानाबाहेर बाकावर बसलेल्या मंडळींनाही स्पष्ट ऐकू आला आणि तुम्ही नवीन बूट ओले केल्याबद्दल ती काय म्हणाली ते आता गावात सगळ्यांना पाठ आहे. गावात टेलिफोन तेवढा एकच, तोही आमच्या वाडीप्रमुखाच्या दुकानात, मिठाच्या पोत्यावर. म्हणून पत्र लिहितो आहे. काही गोष्टी मिठाच्या पोत्यावर उभं राहून बोलण्यासारख्या नसतात.

तुम्ही पाठवलेले सुके बांगडे पोचले. शिनोने (तुमच्या भाषेत ‘उमेकिचीच्या नशिबाने मिळालेली बायको’) त्यातले अर्धे शेजारी वाटले आणि उरलेले अर्धे शेजाऱ्यांनी येऊन खाल्ले. फारच उत्तम होते असं ऐकतो. यंदा बर्फ उशिरा वितळलं. ओकच्या ओंडक्यांवर अळंबी बेताचीच धरली आहे. मांजर व्यालं. म्हातारा पुजारी अजून आहे.

पत्रास कारण असं विशेष काही नाही. म्हणजे आहे, पण ते येईल ओघाने. आधी तुम्हाला आमच्या ओढ्याचा भूगोल सांगतो. तुम्ही म्हणाल, हा ओढा मला काय सांगतोस, मी दर वर्षी त्याच रानात नेच्याचे कोवळे कोंब खुडायला येतो! खरं आहे. लग्न झाल्यापासून एकही वसंत तुम्ही चुकवला नाही. सासुरवाडीचा इतका लोभ असलेला जावई या खोऱ्यात दुसरा नाही, असं अक्का सांगते आणि आम्ही माना डोलावतो. पण नेचे खुडणारा माणूस जमिनीकडे बघतो, पाण्याकडे बघत नाही. म्हणून सांगतो.

ओढ्याचं नाव मामुशीसावा, म्हणजे फुरशांचा ओढा. त्यात किंवा त्याच्या काठावर फुरसं कुणाच्या बापजन्मी निघालेलं नाही. नाव आमच्या पूर्वजांनी मुद्दाम ठेवलं, बाहेरचा माणूस आत शिरू नये म्हणून. खरं नाव काय होतं ते आता कुणालाच आठवत नाही. इतक्या चोख रीतीने त्यांनी ते लपवलं. आम्ही ओढा नेहमी खालून वर सांगतो, उगमापासून खाली नव्हे. कारण मासा प्रवाहाकडे तोंड करून उभा असतो आणि आपण त्याच्या पाठीमागून, चोरपावलांनी वर चढायचं असतं. वरून खाली येणाऱ्या माणसाला मासा आधीच बघतो आणि खडकाखाली जातो, आणि एकदा खडकाखाली गेला की तो सरकारी माणसासारखा, दुपारशिवाय बाहेर येत नाही.

तर देवळामागून सुरुवात करावी. तिथे देवदाराची राई आहे आणि ओढा इतका अरुंद की म्हातारीही काठी न टेकता ओलांडेल. (टेकून ओलांडणारी एक सुईण मात्र पडली. बाळंतीण बिचारी घरी वाट बघत राहिली, मूल आपलं आपणच झालं. तेव्हापासून तो सुईण-डोह.) आमच्या ओढ्यात डोहाला नाव द्यायची रीत अशी की जो तिथे पहिल्यांदा चांगला चिंब पडला त्याचं नाव. सुईण-डोहाच्या वर पोस्टमन-डोह. तिथे पोस्टमन पडला आणि टपालाची थैली वाहून गेली. गावाने पत्रं गोळा करून दोरीवर वाळत घातली आणि वाळेपर्यंत सगळ्यांनी सगळी वाचली. त्या वर्षी गावात दोन सोयरिकी मोडल्या आणि एक जुळली. त्याच्या वर खुरट्या बांबूचं रान लागतं, वाट दिसेनाशी होते, आणि एकामागून एक तीन डोह येतात: धाकटा क्युबेई, मधला क्युबेई, थोरला क्युबेई. वाडीप्रमुख असल्यामुळे आजोबा पुढे चालतात, आणि पुढे चालतात म्हणून आधी पडतात. तिन्ही नावं ते फार मानाने घेतात. माझ्या नावाचा एकही डोह नाही. शिनो भांडताना हे नेहमी काढते. म्हणते, “पन्नाशी उलटली, धड पडतासुद्धा येत नाही या माणसाला!”

थोरल्या क्युबेईच्या वर बुनाची मोठी झाडं लागतात. तिथे ऊन पाण्यापर्यंत गाळून येतं आणि पाण्याचा आवाज बदलतो. खाली बडबड करणारा ओढा इथे पुटपुटायला लागतो. मग धबधबा. दोन पुरुष उंच, उजवीकडून मुळांना धरून चढता येतो. आणि धबधब्याच्या वर सपाट खडकाच्या कुशीत एक डोह आहे. सगळ्यात खोल, सगळ्यात हिरवा. त्याचं नाव नंतर सांगतो.

आमच्या ओढ्यातला मासा म्हणजे इवाना, आणि इवाना धबधबा चढू शकत नाही. वर जे मासे आहेत ते माझ्या आजोबांनी नेलेले. लाकडी बादलीत, वर फर्नची पानं झाकून, खालच्या डोहातले काही मासे पाठीवरून वर नेले आणि त्या डोहात सोडले. खाली कधी पूर आला, दरड आली, मासा संपला, तर वरचं बीज खाली उतरेल, हा हिशोब. शेतकरी जसं बियाणं उतरंडीत ठेवतो तसं. आजोबांच्या पाठीला बादलीचा वळ मरेपर्यंत होता. मी लहानपणी तो मोजून बघायचो, वीतभर भरायचा.

आता मासा. इवाना अंगाने काळसर, पाठीवर फिकट ठिपके, तोंड दुकानदारासारखं रुंद. दिवसा लाजाळू, भुकेला की निर्लज्ज. बेडूक खातो, उंदीर खातो, आपल्या पुतण्यालाही खातो. जोराचा पाऊस पडला की ओल्या गवतावरून सरपटत एका डोहातून दुसऱ्या डोहात जातो. मला एकदा पायवाटेवर भेटला. आम्ही दोघेही थबकलो, मी बाजूला झालो, तो गेला. त्याला धरावं असं मला घरी पोचल्यावर सुचलं. असो. पकडायची रीत सोपी आहे: गळाला तितराच्या पिसाची खोटी माशी, वितळत्या बर्फाच्या पाण्यात गुडघाभर उभं राहायची तयारी, आणि आपली सावली पाण्यावर पडू न देण्याची अक्कल. तिसरी गोष्ट बहुतेकांजवळ नसते.

एवढ्याशा ओढ्यात एका डोहात एकच मोठा मासा मावतो, दाजी. बाहेरगावचे चार जण मोटारीतून बर्फाची पेटी घेऊन आले तर एका उन्हाळ्यात ओढा रिकामा. म्हणून आमच्याकडे फार जुनी चाल आहे: ओढ्याचं विचारलं की ‘मासे नाहीत’ म्हणायचं. मूल बोलायला लागलं की आधी ‘आई’ म्हणतं, मग ‘नाहीत’ म्हणतं. गळाची काठी दिसली तर ती वेलींसाठी आधार असते. चुलीवर मासा भाजत असला तर तो खालच्या गावाहून आलेला असतो. कुणी फारच खोदून विचारलं तर क्युबेई आजोबा त्याला पलीकडच्या खोऱ्याची वाट दाखवतात, तिथे खरोखरच फुरशी आहेत.

आता मूळ गोष्टीकडे येतो. गेल्या पानगळीत बंधारा खात्याची माणसं आली. लाल पट्ट्यांच्या काठ्या रोवून गेली. गाळ अडवायला सिमेंटचा बंधारा होणार, तोही धबधब्याच्या अगदी वर, त्या हिरव्या डोहाच्या तोंडाशी. ट्रकसाठी बुनाच्या झाडांमधून रस्ता होणार. बंधारा झाला की मागे दगडगोटे साठतात, डोह भरतो, आणि मग तिथे पोरांना चेंडू खेळता येतो. माझ्या आजोबांचं बियाणं त्या चेंडूखाली. खाली दरड कोसळून घरं गाडली जाऊ नयेत म्हणून बंधारा, असं साहेब म्हणतात. खाली घरं नाहीत. खाली देऊळ आहे, आणि देव आजवर स्वतःचं बघत आला आहे.

क्युबेई आजोबा धोतरासारखी पायघोळ विजार घालून, टाय लावून खात्यात गेले आणि म्हणाले, त्या ओढ्यात मासे आहेत, बंधारा खाली घ्या, नाहीतर नकोच. खात्यात फाइल उघडली. फाइल म्हणाली, मासे नाहीत. पंचवीस-तीस वर्षांत जेव्हा जेव्हा खात्याने विचारलं, तेव्हा तेव्हा आम्हीच तसं सांगितलेलं! एका ठिकाणी तर खुद्द आजोबांचा शिक्का. आणि सगळ्यात वर, तांबड्या रेघेने अधोरेखित केलेलं एक मत होतं: बंदरावरच्या मच्छीमार संघाचे माननीय सदस्य, दरवर्षी त्या रानात नेचे खुडायला जाणारे, माशांतले जाणकार श्रीयुत तात्सुझो यांनी खात्याला कळवलं आहे की त्या ओढ्यात मासा तर सोडाच, डासाची अळीसुद्धा नाही.

आजोबा परत आले तेव्हा टायने कपाळ पुसत होते. “जावयाने कळवलंय,” एवढंच म्हणाले. गावातलं कुणीही तुम्हाला वाईट बोललं नाही. उलट तुमचं वाक्य सगळ्यांना आवडलं. डासाची अळी हा भाग आम्हाला इतक्या वर्षांत सुचला नव्हता.

शेवटी आजोबांच्या टायची दया येऊन खात्याने मिझोगुची नावाचे साहेब पाहणीला पाठवले. तरुण आहेत, चष्मा आहे, बूट स्वच्छ आहेत. ठरलं असं की मी त्यांच्यासमोर एक इवाना पकडून दाखवायचा. गावात माझ्यासारखा गळ टाकणारा नाही, हे मी म्हणत नाही, शिनोसुद्धा म्हणते (मी घरात नसताना).

पाणी गार होतं, ढग येत-जात होते, सगळं जमून आलं होतं. आणि सगळं गावही जमून आलं होतं. कुणी भाताचे मुटके आणले, कुणी सतरंज्या, पुजारी छत्री घेऊन आला. आमच्या ओढ्यावर इतकी माणसं पूर्वी फक्त पोस्टमनच्या वेळी आली होती. दोन्ही काठांवर पायांचा धपधप आवाज, पाण्यावर टोप्यांच्या सावल्या. मासे नक्कीच खडकाखाली एकमेकांना सांगत असतील, आज काहीतरी उत्सव आहे, बाहेर पडू नका.

मी आधी डोंगरदेवीला नमस्कार केला. तुम्हाला ठाऊकच आहे, आमची डोंगरदेवी दिसायला बेताची आहे आणि तिला ते बोचतं. म्हणून तिच्यापुढे आपल्याहून कुरूप असं काही ठेवलं की ती खूश होते, आणि सगळ्यांत कुरूप म्हणजे समुद्रातला सुकवलेला ओकोझे मासा. माझ्या लग्नात तुम्ही दिलेलाच मी इतकी वर्षं कागदात गुंडाळून वापरतो. युक्ती अशी की एका वेळी शेपटीचं टोकच दाखवायचं आणि म्हणायचं, “मासा दे, मग उरलेलं दाखवतो.” देवी आशेवर राहते. या आशेवरच आमच्या तीन पिढ्यांनी मासे खाल्ले. पण त्या दिवशी साहेब मागे उभे, चष्मा चमकतोय, मी तिकडे वळून पाहिलं आणि कागद सुटला. ओकोझे सगळाच्या सगळा उघडा पडला. तोंड, दात, काटे, सगळं.

क्युबेई आजोबा ओरडलेच: “अरे मेल्या, एकदमच दाखवलास? आता तिला बघायचं काय उरलं!”

“झाकतो पटकन, आजोबा.”

“झाकून काय उपयोग? बघितलेलं कुणी विसरतं का? तुझं लग्नाआधीचं तोंड मी अजून विसरलो नाही!”

साहेबांनी विचारलं, हा मासा याच ओढ्यातला आहे का. मी नाही म्हणालो. त्यांनी ते लिहून घेतलं.

मग मी सुरुवात केली. सुईण-डोह, काही नाही. पोस्टमन-डोह, काही नाही. धाकट्या क्युबेईवर माशी टाकली ती साहेबांच्या टोपीत अडकली. ती टोपी मी चांगली लांबपर्यंत खेचली, आणि काठावरच्या लोकांनी टाळ्या वाजवल्या, कारण त्या दिवसातली ती एकच ओढ होती. वाटेत आणखी एक घोटाळा. आजोबा पुढे चालत होते आणि नेहमीच्या सवयीने त्यांनी साहेबांना दोनदा पलीकडच्या खोऱ्याच्या वाटेला लावलं. दोनदा आम्ही साहेबांना परत आणलं. आजोबांना दोष देता येत नाही. त्यांचे पाय आयुष्यभर तसेच वळत आलेत.

धबधबा चढून आम्ही हिरव्या डोहापाशी पोचलो. तिथे मासा आहे हे मला पक्कं ठाऊक होतं. मी काठी उचलली. तेवढ्यात आजोबांनी माझा हात धरला आणि कानात म्हणाले, “तिथे नाही. अजून नेचे उगवले नाहीत.” मी काठी खाली केली. त्या क्षणी मला तेच बरोबर वाटलं. (आता वाटत नाही. आजोबा तसं का म्हणाले ते पुढे येईल.)

साहेब खडकावर बसले, बुटातला खडा काढला आणि थकल्या आवाजात सगळ्यांना विचारलं, “मला सरळ सांगा. या ओढ्यात मासे आहेत का?”

आणि दाजी, सगळं गाव एका सुरात म्हणालं, “नाहीत!”

पुजारीही म्हणाला. मीही म्हणालो. इतकं एकमत आमच्या गावात देवळाच्या कौलांच्या वेळीही झालं नव्हतं. शब्द तोंडाबाहेर पडल्यावर मग सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिलं. शिनो एकटी मुटक्यांची टोपली आपटून ओरडली, “आहेत हो आहेत! खोटारडे आहेत मेले सगळे!” पण साहेबांनी तिला पाण्याचा घोट दिला आणि सावलीत बसायला सांगितलं.

जाताना मात्र साहेब एक बोलले, आणि मला तो माणूस तेव्हा आवडला. म्हणाले, “तुम्ही ‘आहेत’ म्हणता तेव्हा माझा विश्वास बसत नाही, आणि आज ‘नाहीत’ म्हणालात त्यावरही बसला नाही. इतक्या जोरात कुणी खरं बोलत नाही.” मी पुन्हा एकदाच येतो, म्हणाले. एकतर धबधब्याच्या वर माझ्या डोळ्यांदेखत मासा निघाला पाहिजे, नाहीतर गावाबाहेरच्या, माशांतलं कळणाऱ्या, वजनदार माणसाने स्वतः येऊन सांगितलं पाहिजे. ते झालं नाही तर पावसाळा संपला की सिमेंट येईल.

तर असं आहे. आमच्याकडे सगळं ठीक चाललंय, काळजी करू नये. मी रोज संध्याकाळी अळंबीचे ओंडके फिरवून वर जातो, लाल पट्ट्यांच्या काठ्यांपाशी बसतो आणि परत येतो. एकदा एक काठी उपटली, मग लाज वाटून पुन्हा रोवली, वाकडी रोवली गेली. तो ओढा गेला तर मला करमणार नाही, दाजी. मी सहसा असं बोलत नाही, तुम्हाला ठाऊक आहे. बाप गेला तेव्हाही मी सरपणाची मोळी बांधत होतो. पण संध्याकाळी घराकडे येताना मागे पाण्याचा आवाज नसेल, तर मी कुठल्या दिशेने येतोय हे मला कळणार कसं?

अक्काला माझा नमस्कार. तिला सांगा, मांजरीची पिल्लं चार आहेत, हवं असल्यास कळव. गुडघ्याला मोहरीचं तेल लावा.

तुमचा आज्ञाधारक (तुम्ही आज्ञा करत नाही म्हणून निभावतं),
उमेकिची

ता. क. एक छोटं काम होतं, त्यासाठीच खरं म्हणजे पत्र. माझा ओकोझे देवीने आता पुरता पाहिलेला आहे, त्याचा काही उपयोग नाही. तुमच्याकडे बंदरावर सुक्या मासळीचे ढीग असतात. त्यातला एक नवा ओकोझे शोधून द्या. कितीही कुरूप चालेल, जितका जास्त तितका बरा. तोंड उघडं असलेला मिळाला तर फारच छान. शिनो म्हणते, मासा नाही मिळाला तर दाजींचा पासपोर्टचा फोटो मागवा. मी तिला रागावलो. (पण फोटो असल्यास पाठवून ठेवा.)

ता. क. २. वरचं सगळं खरं असलं तरी ओकोझे टपालाने पाठवू नका. पोस्टमन अजून तोच आहे. तुम्ही स्वतः घेऊन या. नेच्यांना तुम्ही येताच. यंदा जरा लवकर या, मिझोगुची साहेब येतात त्या दिवशी. आणि त्यांना सांगा की ओढ्यात मासे आहेत. तुम्ही म्हणाल, मला काय ठाऊक, मी तर नेचे खुडतो. दाजी, दर वर्षी तुम्ही रानातून मूठभर नेचे आणता आणि ते पाहून अक्का म्हणते, माझ्या नवऱ्याला कष्टाची सवय नाही हो, दिवसभर राबून एवढेसे आणतो. तुमची ती बांबूची काठी चालायला लागते तेव्हा एवढीशी असते आणि रानात गेल्यावर आत दडवलेले सांधे एकात एक खोचले की चार हात लांब होते. तुमच्या कोटाला नेच्यांचा वास येत नाही, भाजलेल्या इवानाचा आणि कढत साकेचा येतो. अक्काचं नाक सर्दीने बारा महिने चोंदलेलं असतं ही तुमची पूर्वपुण्याई. मी इतकी वर्षं काही बोललो नाही आणि आताही बोललो नसतो. अक्काला हे पत्र वाचून दाखवू नका. मात्र साहेबांपुढे बोलायचं झालं तर तिला कळणारच. तेव्हा नवीन बुटांपेक्षा जास्त ऐकावं लागेल, मनाची तयारी करून या.

ता. क. ३. पोस्टमन खाली दुकानात बसलाय, म्हणून घाईत. त्या हिरव्या डोहाचं नाव मी वर सांगितलं नव्हतं. त्याला आमच्याकडे दाजी-डोह म्हणतात. तुमच्या लग्नानंतरच्या पहिल्याच वसंतात तुम्ही त्यात टोपीसकट पडलात आणि वर आलात ते दोन्ही हातांत एक मोठा इवाना घट्ट धरून. मग चोहीकडे बघितलंत, कुणी नाही अशी खात्री केलीत, आणि माशाला काहीतरी बोललात. आम्ही बुनाच्या झाडाआड होतो, मी, क्युबेई आजोबा आणि आणखी बरेच जण. हसू आवरायला आजोबांनी स्वतःचा हात चावला, त्याचा वण अजून आहे. त्याच संध्याकाळी घरी तुम्ही आम्हाला सांगितलंत, “ओढा छान आहे, पण मासे दिसले नाहीत हो.” आजोबा म्हणाले, “नाहीतच.” तुम्ही गेल्यावर म्हणाले, हा आपला माणूस आहे. तेव्हापासून बर्फ वितळल्यावर नेचे उगवून तुम्ही येऊन जाईपर्यंत त्या डोहात गावातलं कुणी गळ टाकत नाही. पोरांनाही तसंच सांगितलेलं आहे. यंदाही कुणी टाकलेला नाही, साहेब समोर बसले होते तरी नाही. मासा मोठा झालाय. या.